चावडीवरचं काळं घोंगडं

निघोज्याच्या चावडीत सरकारी रेडिओ आला, तेव्हा गावाला वाटलं, आता पावसाची लबाडी संपली. बॅटरीवरच्या त्या खोक्याची कळ फिरवायचं काम आबाजीकडे आलं. पलटणीत राहून आल्यामुळे असल्या यंत्रांना तो बिचकत नसे. बाया काही चावडीची पायरी चढत नसत, म्हणून त्याने एक युक्ती काढली. संध्याकाळी रेडिओने वादळी पाऊस सांगितला, की सकाळी चावडीवर उंच काठीला काळं घोंगडं टांगायचं. ते लांबच्या वावरातूनही दिसे. मग बाया वाळत घातलेले कांदे छपराखाली नेत आणि वेळेत घर गाठत.

त्या वैशाखात घोंगडं रोज टांगलेलं आणि आभाळ रोज कोरडं ठणठणीत. भाजून काढणाऱ्या उन्हात कांदे आत-बाहेर करून बाया मेटाकुटीला आल्या. पुरुषांनी तर रेडिओ ऐकणंच सोडलं. पंख्याखाली बसून शक्यता सांगायला हवामान खात्याच्या साहेबांचं काय जातं! त्यांच्या वाटच्या शिव्या पाणवठ्यावर आबाजीच्या बायकोला, सरुबाईला खाव्या लागत. शिव्या देण्यात शेजारची भागूबाई सगळ्यांच्या पुढे.

एका सकाळी सरुबाई नवऱ्याला आडवी आली.

"आज नका टांगू. बाया मला पानवठ्यावर उभं ऱ्हाऊ देत न्हाईत."

आदल्या संध्याकाळी रेडिओने पुन्हा वादळच सांगितलं होतं. पण तिचा रडवेला चेहरा आबाजीला बघवेना. त्याने घोंगडं घडी करून कोनाड्यात ठेवलं.

दुपारी डोंगरामागून आभाळ भरून आलं. भागूबाई वावरातच होती. तोंडाने कितीही बोलली तरी ती घोंगडं बघूनच कामाला लागायची; त्या सकाळी काठी रिकामी बघून ती निर्धास्त राहिली होती. पाऊस कोसळला तशी ती आंब्याखाली गेली, आणि वीज त्याच आंब्यावर पडली.

गावाने आबाजीला बोल लावला नाही. त्यांना काही ठाऊकच नव्हतं. फक्त सरुबाईने रात्री विचारलं, "काल रेडिवो काय म्हनला व्हता?"

आबाजीने कोनाड्यातलं घोंगडं काढून उशाशी ठेवलं, आणि तिनेही पुन्हा कधी विचारलं नाही.

तेव्हापासून घोंगडं रोज चढू लागलं, अगदी थंडीतसुद्धा. लोक हळूहळू तिकडे बघेनासे झाले. रोज टांगलेलं घोंगडं कुणाला काही सांगत नाही, हे आबाजीला कळत होतं. पण ते उतरवायला त्याचा हात पुन्हा कधी धजला नाही.