कोण नाही, ते सांग

माझ्या पर्समध्ये दोन वह्या असतात. एकीत करायची कामं, दुसरीत असायला हव्यात त्या गोष्टी. आइस पॅक काढून ठेव, मग लसी मोजून घे, मग नऊची एसटी पकड, ही पहिल्या वहीतली यादी. तिच्यात क्रम चुकला की दिवस वाया. डब्यात चार आइस पॅक, सिरिंजा, कापूस, कोरी कार्डं, ही दुसऱ्या वहीतली. आधी काय भरलं, नंतर काय भरलं याला महत्त्व नाही. झाकण लावताना सगळं आत असलं म्हणजे झालं. माझा नवरा म्हणतो, दोन्ही याद्याच की. घरात आणि ऑफिसात यावरून मला बरंच ऐकून घ्यावं लागलंय. पण या फरकावरून मी साहेबांशी भांडले, आणि परत वेळ आली तर परत भांडेन.

मी नर्स आहे. नोकरी सांगली जिल्ह्यात, घर रहिमतपूरला. पन्नाशीला आल्यावर माझी बदली जत तालुक्यात, कर्नाटकच्या सीमेला टेकलेल्या एका उपकेंद्रात झाली. ऑफिसात सगळे म्हणाले, भाषेची काळजी करू नका, तिकडं सगळ्यांना मराठी येतं. येतं, बाजारात आणि एसटीत. पण लस बाजारात टोचत नाहीत, अंगणात टोचतात, आणि अंगणात असतात त्या बायका, ज्यांतल्या बऱ्याच जणींचं माहेर सीमेपलीकडचं. त्यांची मराठी "या" आणि "बसा"च्या पुढं फारशी जात नाही.

मग मी कानडी शिकायला घेतलं, आणि मला येते त्याच पद्धतीनं घेतलं. सांगलीहून पुस्तक आणलं. शरीराचे अवयव एका पानावर, नाती दुसऱ्या पानावर, क्रियापदांचे तक्ते आखून. तीन महिन्यांत जाड वही भरली. कुणी विचारलं असतं तर मी अख्खा तक्ता म्हणून दाखवला असता. अडचण एवढीच होती की तक्ता कुणी विचारत नव्हतं.

गावाबाहेर मेंढपाळांची एक वस्ती आहे. तिथल्या एका घरात दोन जावा. धाकटीचं बाळ तेव्हा दोन महिन्यांचं होतं. थोरली साधारण माझ्याच वयाची, माहेर विजापूरकडचं, बोलायला फटकळ. मी अंगणात गेल्यावर ती कानडीत काहीतरी म्हणाली. शब्द सगळे माझ्या वहीतले होते. मी मनातल्या मनात पानं उलटत उभी राहिले. ती माझ्या तोंडाकडं बघत राहिली, मग सोबत आलेल्या गावच्या आशा सेविकेला, आशाताईला, काहीतरी म्हणाली आणि दोघी हसल्या. आशाताई सांगायला तयार नव्हती. मी हटूनच बसले तेव्हा म्हणाली, "ती म्हंती, बाईंच्या कोठारात जोंधळा लय हाय, पर किल्ली सापडंना."

ऐकून राग आला, पण बाई बरोबर बोलली होती.

अशा वेळी लोक सल्ला देतात की वही फेकून द्या, भाषा आपोआप येते. मला हे पटत नाही. आपोआप फक्त गवत येतं. मी वही फेकली नाही, पर्समधली पहिली उघडली. कानडीचं पान असायला हव्यात त्या गोष्टींच्या वहीतून काढून करायच्या कामांच्या वहीत घातलं. रोज प्रत्येक घरी पाच वाक्यं, ठरलेल्या क्रमानं, चुकली तरी पुरी म्हणायची, आणि माझी पाच होईपर्यंत आशाताईनं तोंड उघडायचं नाही. मंगळवारच्या बाजारात कांदा-मिरची कानडीतच मागायची. मिरचीवाल्यानं सुरुवातीचे काही आठवडे मला मराठीतच उत्तर दिलं. मी तिथून हलले नाही. पावसाळा संपेपर्यंत थोरली मला "अक्का, कुंदर्री" म्हणायची, म्हणजे ताई, बसा. आणि मी बसता बसताच बाळाचं दूध, झोप, ताप विचारून मोकळी व्हायची. कुठलं वाक्य कुठल्या पानावरचं, ते आता मला सांगता येत नव्हतं.

दिवाळी झाली आणि धाकटी, तिचा नवरा आणि दीर बाळासकट मेंढरांचे सगळे कळप घेऊन पश्चिमेला गेले. तिकडं कृष्णाकाठी शेतकरी मोकळ्या झालेल्या रानात खतासाठी मेंढरं बसवून घेतात. इकडं चारा नसतो, तिकडं खत लागतं. थोरली मागं राहिली, जोंधळ्याची राखण करायला आणि लंगडी, गाभण अशी वीसेक मेंढरं सांभाळायला. बाळाला नऊ महिने पुरे झाले तेव्हा धाकटीच्या दाराला कुलूप होतं.

नऊ महिने म्हणजे गोवराची लस. गोवरानंतर श्वासासाठी झगडणारं मूल मी माझ्या हातांत धरलेलं आहे, त्याबद्दल इथं जास्त लिहीत नाही.

आमचं रजिस्टर घरांच्या क्रमानं असतं. घर एक, घर दोन, घर तीन. नर्सनं त्या क्रमानं चालायचं, प्रत्येक घरापुढं नोंद करायची. कुलूप असेल तर "घर बंद" लिहायचं. ती नोंदही नोंदच धरली जाते. मी तालुक्याच्या साहेबांना बाळाचं सांगितलं. ते म्हणाले, "घर बंद लिहा आणि पुढं चला. फिरती पूर्ण झाली पाहिजे." मी तीनदा लिहिलं. फिरती तिन्ही वेळा पूर्ण झाली. साहेबांच्या तक्त्यात आमचं उपकेंद्र हिरव्या रंगात होतं.

तिसऱ्यांदा लिहून थोरलीच्या अंगणात टेकले, तेव्हा दिवस कलला होता आणि तिची मेंढरं चरून परत येत होती. ती काट्याच्या कुंपणाच्या तोंडाशी उभी होती. मेंढरं आत गेली तशी ती एकदम वळली, कुणाला तरी शिव्या घालत बांधाकडं गेली आणि बाभळीच्या फांदीत अडकलेली एक मेंढी कान धरून घेऊन आली. मी विचारलं, एकूण किती आहेत तुझ्याकडं? तिला नक्की आकडा सांगता येईना. मग एक कमी आहे हे कसं कळलं? तिनं मला खुळ्यात काढलं. तिचं म्हणणं मराठीत सांगायचं तर असं: "मोजून काय करू? कोण नाही, ते दिसतंच की."

ती आत आलेल्या प्रत्येक मेंढीवर खूण करत बसली असती, तर बाभळीतली मेंढी तिथंच राहिली असती. मी तीन महिने नेमकं तेच करत होते.

उपकेंद्राला एक लॅपटॉप मिळालेला होता. त्यात गावातल्या सगळ्या मुलांची नावं, जन्मतारखा, दिलेले डोस भरलेले होते. सांगलीला शनिवारच्या एका क्लासला जाऊन मी थोडं प्रोग्रॅमिंग शिकले होते, कुणी सांगितलं म्हणून नव्हे, यायला हवं म्हणून. त्या जोरावर मी रजिस्टरचा प्रोग्रॅम लिहिला होता. पहिल्या घरी जा. मूल आहे का बघ. वय बघ. डोस बघ. घर बंद असेल तर तसं लिही. पुढच्या घरी जा. चांगल्या साठ ओळी झाल्या. अगदी व्यवस्थित चालायचा. माझीच चूक तो माझ्यापेक्षा लवकर करायचा, हे मला त्या संध्याकाळी कळलं.

माझी मुलगी पुण्यात प्रोग्रॅमिंगचंच काम करते. तिला तो प्रोग्रॅम पाठवला. तिनं वाचून फोन केला. "आई, हा प्रोग्रॅम नाहीये, ही तुझी फिरती आहे. त्याला दारोदार कशाला चालवतेस? तुला काय हवंय तेवढं सांग. कसं शोधायचं ते त्याचं तो बघेल."

मी ऐकायला तयार नव्हते. शिकाऊ मुली हाताखाली असताना पायरी न पायरी सांगितली नाही तर काय होतं, ते मी पाहिलंय. मी म्हटलं, कसं करायचं ते न सांगता कामं होत नसतात. ती म्हणाली, "मग तुझी दुसरी वही कशाला आहे?"

मी लॅपटॉप पुढं ओढला. तिनं सांगितलं तसं लिहिलं. नऊ महिन्यांवरची अशी मुलं दे, ज्यांच्या नावापुढं गोवराचा डोस नाही. चार ओळी. त्यांत घराचा उल्लेखच नव्हता, मग कुलुपाचा कुठून असणार. अकरा नावं आली. अकराही मेंढपाळांच्या घरची.

ती यादी घेऊन मी तालुक्याच्या बैठकीला गेले. साहेबांनी ती वाचली आणि फिरतीच्या नमुन्यात असा रकानाच नाही, असं सांगितलं. मी म्हटलं, "रकाना नसला तरी बाळ आहे." मागच्या रांगेत हशा पिकला. साहेब म्हणाले, मग स्थलांतरित म्हणून शेरा मारा आणि नावं वगळा, आकडा स्वच्छ होईल. मी सही करायला नकार दिला. कारणे दाखवा नोटीस निघेल, असं त्यांनी ऐकवलं. निघू दे म्हटलं. निघाली. उत्तर म्हणून मी तीच यादी जोडून परत पाठवली, आणि दर सोमवारी नवी पाठवायला लागले. कुणी मागितली नव्हती. मागितलेली कामं आणि करायची कामं यांतही फरक असतो.

पण यादी झाली म्हणून बाळ सापडत नाही. आशाताई लेकीच्या बाळंतपणाला गेलेली, तेव्हा मी एकटीच थोरलीकडं गेले आणि माणसं कुठं आहेत ते विचारलं. तिनं नदी सांगितली, कालवा सांगितला, आल्याचं रान सांगितलं, आणि मग गावाचं नाव घेतलं तेव्हा मला दोनदा विचारावं लागलं. रहिमतपूर. मी दर पंधरवड्याला ज्या रस्त्यानं घरी जाते, त्या रस्त्याच्या कडेला ते बाळ होतं.

रविवारी नवऱ्याच्या मोटरसायकलवर मागं बसून रानं पालथी घातली. एका शेतकऱ्यानं हात दाखवला. "व्हय, बसल्यात की. चार दिस झालं. त्या कालव्याच्या अंगाला बघा. पर आवं ताई, कुत्री लय वाईट हायत, हाळी देऊन जावा." धाकटीनं मला पाहिलं आणि तिला वाटलं, घरी कुणाचं काहीतरी झालं. मी इंजेक्शनचं बोलल्यावर तिनं गाठोड्यातून प्लॅस्टिकच्या पिशवीत गुंडाळलेलं कार्ड काढलं. दिवाळीपासून ते तिनं जपलं होतं.

सोमवारी रजा टाकून त्या गावच्या उपकेंद्रात गेले. तिथली सिस्टर तरुण होती आणि नियमाला पक्की. बाळ आमच्या हद्दीतलं नाही, म्हणाली. शिवाय गोवराच्या एका वायलमध्ये पाच डोस, फोडली की चार तासांत संपवावी लागते. "एका बाळासाठी वायल फोडू? उरलेल्या चार डोसांवर मी काय लिहू?"

तिच्या जागी मीही हेच म्हटलं असतं. म्हणून तिच्यावर चिडले नाही. फक्त खुर्चीवरून उठले नाही. म्हटलं, वाया गेले तर माझं नाव लिही, पद लिही, फोन नंबर लिही. अर्ध्या तासानं तिनं डबा उचलला, बहुतेक मला घालवण्यासाठीच.

रानात पोचलो. सिस्टर वायल हातात घेऊन घुटमळत होती. मी धाकटीला विचारलं, आसपासच्या तळांवर नऊ महिन्यांवरची आणखी बाळं आहेत का, गोवराची सुई न झालेली. तिनं भराभर सांगितलं: कालव्यापलीकडं दोन, चिंचेखालच्या तळावर एक. सिस्टर माझ्याकडं बघत राहिली. "तुम्हाला कानडी येतं?" तेव्हा माझ्या लक्षात आलं की धाकटीला विचारलेलं वाक्य माझ्या पाचांतलं नव्हतं.

नवऱ्याला मोटरसायकलवर पलीकडं पिटाळलं. तो तिथं मराठी, हिंदी आणि हातवारे, सगळं वापरून आला, पण तिघीही आल्या, कडेवर बाळं घेऊन. सिस्टरनं चारही बाळं बघितली, घड्याळ बघितलं, आणि वायल फोडली. पाचव्या डोसासाठी तिला तिच्याच गावातलं एक मूल आठवलं, ज्याची आई माहेरून कालच परतली होती. तिचं घरही महिनाभर बंदच होतं म्हणे.

पहिलं बाळ मांडीवर घेताना तिनं विचारलं, "यांची नावं कुठल्या गावात लिहू?"

"आधी टोच," मी म्हटलं. "गावांचं नंतर बघू."

चौघंही भोकाड पसरून रडली. धाकटीनं बाळाला पदराखाली घेतलं आणि कार्ड पुढं केलं. पुढचा डोस सोळाव्या महिन्यात. तेव्हा मेंढरं कुठं असतील, ते तिला सांगता येईना. पाऊस कुठं पडतो त्यावर आहे, म्हणाली. मी कार्डावर तारीख लिहिली आणि गावाची जागा मोकळी ठेवली.