आवाज बंद करून पाहणाऱ्या अक्का

जयनगरच्या सुशीलाअक्कांकडे मी फिल्म एडिटिंगच्या कामाला लागले, त्या पहिल्याच दिवशी त्यांनी मी जोडलेली फिल्म आवाज बंद करून पाहिली. मला वाटलं, स्पीकर बिघडलाय. "बिघडला नाही गं. कान भुलतात. स्वल्प डोळ्यांना काम करू दे," अक्का म्हणाल्या. पिढ्यान्‌पिढ्या बंगळूरात मुरलेलं त्यांचं मराठी ऐकून मी पुणेकरीण सुरुवातीला मनात हसायचे.

सगळा जन्म त्यांनी कष्टकऱ्यांवरचे माहितीपट जुळवण्यात घालवला. तरुणपणी त्यांच्या एका फिल्ममध्ये एक कामगार ओळखू आला आणि त्याची नोकरी गेली. हे त्यांनी एकदाच सांगितलं, तेही माझ्याकडे न बघता.

पुढे पीण्या या बंगळूरच्या औद्योगिक वसाहतीतल्या एका कारखान्यावरची फिल्म आली. काम उरकावं म्हणून यंत्राची संरक्षक जाळी काढून ठेवतात आणि मग बोटं जातात, असं एक कामगार बाई कॅमेऱ्यासमोर बोलली होती. ओळख पटली तर तिची नोकरी जाणार होती आणि घर तिच्या एकटीवर होतं. मी तिचा चेहरा धूसर केला, आवाज बदलला आणि स्वतःवर खूश झाले.

पाच वाजता फिल्म महोत्सवाला पाठवायची होती. साडेचारला अक्कांनी आवाज बंद केला. दिग्दर्शक प्रशांत दारात येरझारा घालत होता. अक्कांनी पडद्यावर बोट टेकवलं. बाईच्या मांडीवर जेवणाचा डबा होता आणि झाकणावर, लग्नाच्या भांड्यांवर कोरतात तसं, तिचं नाव. त्या डब्यासाठीच तर तो शॉट मला आवडला होता.

"झाकण पुसून टाकते," मी म्हटलं.

"तो डबा अख्खा कारखाना रोज बघतो. शॉट काढ."

प्रशांत भडकला. "अक्का, फिल्मचा जीव आहे तो!"

"तिचाही आहे की रे."

मी प्रशांतकडे बघत राहिले. शेवटी त्यांनीच माउस घेतला. बाईचा बदललेला आवाज ठेवला आणि त्याखाली नुसतं उघडं यंत्र चालू दिलं. पाचला दोन मिनिटं असताना फिल्म गेली.

फिल्म दाखवली तेव्हा ती बाई कारखान्यातल्या लोकांबरोबरच बसली होती. अक्का पडद्याकडे नाही, त्या रांगेकडे बघत होत्या. एकही मान तिच्याकडे वळली नाही. "सरी," म्हणजे ठीक, एवढंच म्हणून त्यांनी श्वास सोडला.

गेल्या वर्षी अक्का गेल्या. अंत्यदर्शनाला आलेल्या फिल्मवाल्यांच्या गर्दीत ती बाई कामावरून तशीच आली होती, पिशवीत डबा घेऊन. कुणीतरी मला विचारलं, "ह्या कोण?"

मला रडू आवरत नव्हतं. तरी म्हटलं, "शेजारच्या असतील."