फिनेलताई आणि सहा अक्रोड

गल्लीत तिला सगळे फिनेलताई म्हणायचे. तोंडावर म्हणायची कुणाची टाप नव्हती, पण तिला ते ठाऊक होतं आणि आतून थोडा अभिमानही होता. चौतीस वर्षं तिनं हॉस्पिटलात एकच काम केलं होतं, ऑपरेशनच्या कात्र्या, चिमटे, सुऱ्या उकळून निर्जंतुक करायचं. बाई निवृत्त झाली, हात काही झाले नाहीत. घरातले चमचे दर रविवारी मोठ्या पातेल्यात उकळायचे. पाहुणा फाटकाबाहेर पडायच्या आत त्याची खुर्ची पुसून निघायची. आणि असल्या बाईच्या वाट्याला धाकटा भाऊ आला तो कसला, तर घड्याळं दुरुस्त करणारा, नखांत कायम काळं तेल, आणि हौस काय, तर मातीत हात घालायची. दोघंही एकेकटे, म्हणून एका घरात राहत होते.

आईनं लावलेलं अक्रोडाचं झाड त्यांच्या जुन्या घरासमोर होतं. घर विकून वीस वर्षं झाली, तरी भाऊ आठवड्याला एक चक्कर मारून झाड बघून यायचा. नव्या मालकाला गाडी लावायला जागा हवी होती, त्यानं ते पाडलं. भाऊ धावत पोचला तोवर खोडाचे तुकडे झाले होते. पाचोळा उपसून त्यानं सहा अक्रोड मिळवले आणि पिशवीत घालून घरी आणले.

आणले म्हणजे काय आणले! वरची हिरवी साल सडून काळी, बुळबुळीत झालेली, आणि एकाच्या सालीत तर अळ्या वळवळत होत्या. ते सगळं त्यानं थेट तिच्या ओट्यावर ओतलं. तिनं नाक दाबलं.

"उचल," ती म्हणाली. "आत्ताच्या आत्ता उचल, नाहीतर मी इथंच ओकेन."

"ताई, आईच्या झाडाचे आहेत. एवढेच मिळाले. यातून झाड आलं तर आलं, नाहीतर संपलं."

"आईनं असली घाण ओट्यावर ठेवू दिली असती का रे?"

त्यानं साली काढल्या, हात पंधरा दिवस डांबरासारखे काळे राहिले. मग अक्रोड गेले डब्यात, ओल्या वाळूत, आणि डबा कुठे, तर फ्रिजमध्ये दुधाशेजारी. या बियांना तीन-चार महिने थंडी मिळाली की मगच त्या उगवतात म्हणे. तिनं डब्याला दोन पिशव्या बांधल्या, दूध वरच्या कप्प्यात नेलं, तरी चहाचा घोट घेताना तिला त्या वाळूचा वास यायचा.

दुसऱ्या महिन्यात, भाऊ दुकानात गेलेला असताना, तिनं डब्याचं झाकण उघडलं. आत सगळीकडे पांढरी-हिरवी बुरशी. शी! हातमोजे चढवून, श्वास रोखून ती कामाला लागली. अळ्यांच्या अक्रोडाला सालीचा काळा लगदा थोडा चिकटून राहिला होता, तो वरून इतका बुळबुळीत झाला होता, की तो आपल्या पातेल्यात घालायलाही तिला शिसारी आली. चिमट्यात धरून, मान वळवून, मागच्या अंगणातल्या कचऱ्याच्या खड्ड्यात तिनं तो फेकून दिला. उरलेले पाच तिनं ब्रशनं घासले आणि वीस मिनिटं उकळले. वाळू भाजली, गार केली, ओली केली, डबा होता तिथं ठेवला. भावाचे अक्रोड कुजून वाया जाऊ नयेत म्हणूनच ही सगळी यातायात.

"डबा स्वच्छ केलास, ताई?" संध्याकाळी भावानं विचारलं.

"केला. एक सडका होता, टाकून दिला."

"तू हात लावलास त्याला?" भाऊ इतका खूश झाला की पुढं काही विचारायचं त्याला सुचलंच नाही. तिनंही सांगितलं नाही. त्यात सांगण्यासारखं काही आहे असं तिच्या मनातही आलं नाही.

पुढं पाच कुंड्या खिडकीत लागल्या. रोज दुकानाला जायच्या आधी भाऊ डोळ्याला घड्याळाचं भिंग लावून मातीत डोकावायचा. दीड महिना असा गेला. एका रविवारी त्यानं एक अक्रोड उकरून काढला आणि पेपरवर ठेवून पकडीनं फोडला. आत तपकिरी लगदा. घरभर वास सुटला. बाकीचे चारही तसेच निघाले.

"झाडातच दम नव्हता म्हणायचा," भाऊ म्हणाला. "उगाच इतकी वर्षं आईचं झाड, आईचं झाड करत बसलो. पाडलं तेच बरं झालं."

ती फडकं घेऊन पेपर उचलायला आली होती. फडकं हातातच राहिलं. चौतीस वर्षं ती जे उकळत होती, ते त्यात काही जिवंत उरू नये म्हणूनच ना? आणि अक्रोड उकळताना तिनं बघितलं काय, तर फक्त टणक कवच. तिला स्वतःचीच किळस आली.

ती तडक मागच्या अंगणात गेली. हातमोजे दारामागं टांगलेले होते, ते घ्यायला ती थांबली नाही. गुडघ्यावर बसून तिनं खड्ड्यात हात घातला. कुजक्या साली, चहाचा चोथा, बोटांना गुंडाळणारी गांडुळं. तिला उमासे येत होते. एकदा बाजूला तोंड करून ती ओकली, तोंड बाहीला पुसलं आणि पुन्हा कोपरापर्यंत हात घातला.

आत आली तेव्हा तिच्या ओंजळीत तो सहावा अक्रोड होता. कवच उललेलं, आणि त्यातून बोटभर पांढरं मूळ बाहेर आलेलं.

"झाडाला नावं ठेवू नकोस," ती म्हणाली. "झाड चांगलं होतं. ते पाच मी उकळले होते. वीस मिनिटं."

भावानं भिंग लावून ते मूळ बघितलं. मग त्यानं एक कुंडी पुढं ओढली, बोटानं मातीत खड्डा केला आणि तिच्याकडं बघितलं. तिनं अक्रोड आत ठेवला, मूळ खाली करून, आणि वरून माती लोटली.

"हात धू आता, ताई," तो म्हणाला.

तिनं हात नाकाशी नेले. घाण येत होती. "धुते," ती म्हणाली, आणि कुंडीपाशी बसून राहिली. त्या रविवारी चमचे उकळायचे राहून गेले.