मामाचा शॉट

माझा मेव्हणा हल्ली सिनेमे करतो. कॅमेरा तोच चालवतो, दिग्दर्शन त्याचंच, एडिटिंगही त्याचंच. बायको हे शेजारणींना सांगायला लागली की मी दुकानाचं शटर उघडायला निघतो. पिरंगुटला माझा फोटो स्टुडिओ आहे. कॅमेरा कसा धरायचा हे त्याला मीच शिकवलं. हे मी इतक्यांदा सांगितलंय की आता कुणी मानही हलवत नाही.

एकाच माणसाला तिन्ही यावं, हे मला सोसलं नाही. मला नुसतं शूटिंग येत होतं. तेही बरं म्हणण्याइतकंच.

तो सिनेमात जायच्या आधी शेजारच्या भुकूमच्या एका लग्नाची ऑर्डर आली. जमीनवाले लोक, मानपानाला कडक. ऑर्डर माझी, पण नवरीचा बाप म्हणाला, "तुमी साइडला ऱ्हावा. मेन काम मेव्हण्याला करू द्या."

राहिलो साइडला. मंगलाष्टका चालू असताना नवरीच्या पाठीशी तिचा मामा उभा असतो. हा मामा गावातलाच. त्याने फेट्याच्या शेमल्याने हळूच डोळे पुसले, ते फक्त माझ्या कॅमेऱ्यात आलं. मेव्हण्याने तो शॉट फिल्मच्या मधोमध लावला. माझ्या स्टुडिओत बसून सगळं जोडून झाल्यावर म्हणाला, "दाजी, मी जेवून येतो. फायनल तेवढी काढून द्या."

तो गेला आणि मी मामा काढून टाकला. जोडणं नाही, पण कापणं तेवढं मलाही येत होतं. अंतरपाटाजवळचा, सत्कारातला, पंगतीतला, सगळीकडचा.

लग्नघरी पाव्हणे जमवून ती फिल्म मोठ्या टीव्हीवर लावली. संपल्यावर मामा उठला. "भाचीच्या लग्नात मी हुतो का न्हवतो?" एवढं विचारून चपला घालून चालू लागला.

मेव्हण्याला वाटलं, जागरणात शेवटची काटछाट करताना आपल्याच हातून मामा उडाला. तो मामाच्या दारात हात जोडून उभा राहिला. मी गाडीत बसून बघत होतो. खोटं कशाला बोलू, बरं वाटलं मला. पुढे इकडची लग्नं त्याला मिळेनात. तो शहरात गेला आणि तिथं मोठा झाला. म्हणजे तेही माझ्यामुळेच, असंसुद्धा मनात म्हणून पाहिलंय.

मध्यंतरी भुकूमला त्याचा सत्कार झाला. शूटिंगला मी. माईकवर तो म्हणाला, "हितल्या एका लग्नात माझ्या हातनं मामा सुटला. तवापासनं पिक्चर पुरा करायच्या आधी बघतो, कुणाचा मान ऱ्हायला तर न्हाई."

"मिटलं की आता, पोरा!" पुढच्या रांगेतून मामा ओरडला. टाळ्या पडल्या. माझा कॅमेरा हलला.

दुसऱ्या दिवशी तो स्टुडिओत चहाला आला, तेव्हा सांगून टाकलं. त्याने कप खाली ठेवला. मग म्हणाला, "फुटेज हाय का ते?"

होतं. कधी पुसलंच नव्हतं. त्याने तो शॉट परत परत पाहिला.

"दाजी, ह्यो तर तुमी काढलेला."

"व्हय."

"आख्ख्या फिल्ममधी ह्योच लई भारी हुता." तो उठला. "मामाला तुमीच दाखवा जाऊन. मी संगं येणार न्हाई."

शॉट पेनड्राइव्हवर घेतलाय. भुकूम काही लांब नाही. मामाच्या दारात पहिलं काय बोलायचं, तेवढं सुचत नाहीये. मेव्हण्याला विचारलं तर लगेच सांगेल. तेच मला नकोय.