एकेचाळीस वेळा ओढलेली दोरी

माझी ताई मुळातच अबोल. घरात भांडण पेटलं तरी ही आपली भाजी निवडत बसणार. कामात मात्र एक नंबर! वृद्धाश्रमातल्या घंटेची प्रणाली तिनेच लिहिली. खोलीतली किंवा न्हाणीघरातली दोरी ओढली की खबर सर्व्हरला जाते आणि सर्व्हर नर्सच्या पडद्याला हाक मारतो. पडद्याने सारखं विचारायचं नाही, जोडणी उघडी ठेवून हाकेची वाट बघायची.

गोम इथेच आहे. दहा मिनिटं कुणी बोललं नाही की मधे सुरक्षेसाठी बसवलेली फायरवॉल ती जोडणी गुपचूप तोडते, आणि दोन्ही टोकांना पत्ताच नसतो. म्हणून दर मिनिटाला पडद्याने विचारायचं, "आहेस ना?" सर्व्हरने म्हणायचं, "आहे." उत्तर आलं नाही तर पडदा लाल होऊन कोकलायचा.

पण तिचे साहेब पडले अतिशहाणे! नोंदींमध्ये नुसतं "आहे, आहे" भरलंय म्हणून चिडले. ताई रजेवर असताना त्यांनी ते बंद करून टाकलं. तिला सांगायची तसदीसुद्धा घेतली नाही.

मग एका शांत दुपारी एक आजोबा न्हाणीघरात पडले. खुबा मोडला. पाऊण तास फरशीवर होते बिचारे. सर्व्हरने मारलेल्या हाका तुटलेल्या जोडणीत विरल्या आणि नर्सचा पडदा हिरवागार! चौकशीत साहेब बिनदिक्कत म्हणाले, "प्रणाली चालू होती. नर्सबाई झोपल्या असतील." नर्सला काढायचं ठरलंसुद्धा. चोर सोडून संन्याशाला फाशी, दुसरं काय!

ताईच्या कानावर हे आलं आणि आमची अबोल ताई बोलावणं नसताना बैठकीत घुसली. साहेबांना पडद्यासमोर बसवलं. "अकरा मिनिटं कुणी काही करू नका," म्हणाली. मग न्हाणीघरात जाऊन तिने दोरी ओढली. पुन्हा ओढली. पडदा हिरवाच.

नर्सची नोकरी वाचली. माफी कुणी मागितली नाही, तेवढी लाज होती कुणाला? सगळे उठून गेले तरी नर्स बसूनच होती.

"ताई, सर्व्हरकडे नोंद असेल ना? आजोबांनी दोरी किती वेळा ओढली?" तिने विचारलं.

ताईने नोंदी उघडून मोजल्या. "एकेचाळीस."

"मी खालच्याच मजल्यावर होते हो," नर्स म्हणाली आणि ढसाढसा रडायला लागली.