पऱ्हाटीची जिलेबी

बोंडअळीच्या त्या वर्षांत आमच्या मारेगावकडच्या भागात कापूस कमी आणि पऱ्हाटी, म्हणजे कापसाच्या वाळल्या काड्या, भरपूर, अशी स्थिती होती. अळी बोंड खाते, काडीला तोंड लावत नाही. मी जिनिंगमध्ये वजनाच्या काट्यावर असतो. त्या हंगामात काट्यावरून गाड्यांपेक्षा वाराच जास्त गेला. त्यामुळे बायकोची भाची नागपूरहून आली आणि म्हणाली, "मामाजी, मला पऱ्हाटी पाहिजे, खूप पाहिजे," तेव्हा माझ्याकडे वेळ होता. आमच्याकडचं काहीतरी कोणाला खूप पाहिजे आहे, याचा थोडा आनंदही झाला.

ती चित्रकलेच्या कॉलेजात शेवटच्या वर्षाला होती. परीक्षेसाठी तिला कागदावर नाही, जमिनीवर काम करायचं होतं. जिथलं सामान तिथंच मांडायचं, मग ऊन, वारा, पाऊस त्याचं जे करतील ते करू द्यायचं. अशी कला जगभर चालते, असं ती म्हणाली. परीक्षक सोमवारी वावरात येऊन पाहणार होते आणि शंभरपैकी शंभर गुण त्या एकाच कामाला होते. नापास झाली तर तिचा बाप, म्हणजे माझा मेव्हणा, दुसऱ्यांदा फी भरणार नव्हता. त्याने वर्ध्याकडचं एक स्थळ पाहून ठेवलं होतं, हे बायकोने मला आधीच सांगितलं होतं.

तिला आमच्या पडीत तुकड्यावर उभ्या भाऱ्यांचं मोठं वेटोळं करायचं होतं. ती ते अंदाजाने आखायला निघाली. अंदाज हा शब्द मला सोसत नाही. मी मधोमध तेलाचा रिकामा ड्रम ठेवला, त्याला दोर गुंडाळला, टोक तिच्या हातात दिलं आणि म्हटलं, "ताणून धर आणि सोडवत चाल." ड्रमचा घेर सहा फूट, म्हणजे दर फेरीला सहा फुटांनी वेटोळं वाढणार. चार फेऱ्या, तीनशे सत्तर फूट, दर दोन फुटांवर एक भारा. एकशे पंच्याऐंशी.

भारे मागायला ती घरोघरी गेली. मी सोबत होतो, म्हणून तिचे शब्द मला पाठ आहेत. प्रत्येक दारात ती म्हणाली, "यातली एक काडीही मी नेणार नाही. हे सगळं परत जाणार आहे."

"कवा?" शेजारच्या वहिनींनी विचारलं.

"हळूहळू. आपोआप."

वहिनींनी मान हलवली आणि बारा भारे दिले. आमच्या घरचे बावीस गेले.

गुरुवारी काम उभं राहिलं. मला ते चांगलं दिसलं. गावाचं मत वेगळं होतं. एक म्हातारे शेजारी दोन्ही हात पाठीमागे बांधून पूर्ण चार फेऱ्या आत चालत गेले, चार फेऱ्या बाहेर आले आणि म्हणाले, "जिलेबी तं झाली. पाक कवा टाकता?"

शुक्रवारी सकाळी मी मोजले. एकशे एकोणऐंशी. पुन्हा मोजले, तितकेच. शनिवारी एकशे अठ्ठावन्न. मी तिथेच बाभळीखाली बसून राहिलो. थोड्या वेळात शेजारच्या वहिनी आल्या, तिसऱ्या फेरीतला एक भारा वाकून पाहिला, सोडला, दुसरा पाहिला आणि डोक्यावर घेतला.

"वहिनी, काहून नेऊन राह्यल्या?"

"माहा हाय भाऊ. गाठ पाहा."

गाठ पाहिली. पळसाच्या मुळीचा वाख, दोन वेढे, डावीकडे खोचलेला. आमच्याकडे भारा बांधायची प्रत्येक घराची तऱ्हा ठरलेली आहे. कोणी अंबाडी वापरतं, कोणी लुगड्याचा काठ, कोणी खताच्या पोत्याची चिंधी. गाठीवरून घर कळतं.

"पोरगी म्हने परत जाईन, आपोआप. आपोआप कसं येईन वो? भाऱ्याले का पाय हायेत? म्हटलं, तिले कायले तरास, मीच नेतो."

मी सगळं वेटोळं फिरून पाहिलं. एकानेही दुसऱ्याचा भारा नेला नव्हता. काट्यावर इतकी वर्षं बसून मी इतका चोख व्यवहार पाहिला नाही. पण आमच्याही गाठीचे बावीसपैकी नऊ कमी होते, आणि मी तर एकही नेला नव्हता.

घरी बायको अंगणातल्या चुलीवर डाळ शिजवत होती.

"तू पण?"

"परीक्षकाले सोमवारी पुरणपोळी घालायची का नाही? सिलिंडर एकेचाळीस दिवस पुरते, हे कोनं सांगितलं होतं?"

मीच सांगितलं होतं. सदतीस दिवस पुरलं.

भाचीला सांगितलं तेव्हा तिचा चेहरा उतरला. "मामाजी, परत म्हणजे निसर्गाकडे परत!"

"चुलीत गेलं म्हनजे कुठं जाते मंग?" आतून बायको म्हणाली. "राख तं मी पुन्हा वावरातच टाकतो."

मी गावात फिरून भारे परत आणायला निघालो. भाचीने अडवलं. "मीच दारात जाऊन सांगितलंय, परत जाणार. आता कोणत्या तोंडाने मागू?"

हे मला पटलं. म्हणून रविवारी आम्ही दोघांनी उरलेले भारे सरकवून तीन फेऱ्या पूर्ण करायला घेतल्या. ही माझी चूक. भारे जागेवरून हललेले पाहून बायकांमध्ये बोभाटा झाला. "माहा भारा कुठं ठेवला? गाठ सुटली तं वळखू कसा?" जी घरं शांत होती तीही आली. संध्याकाळी चौऱ्याण्णव उरले आणि वेटोळ्याला जागोजागी खिंडारं पडली.

सोमवारी अकराला परीक्षक आले. चष्मा, खादीचा कुर्ता, पायात बूट. खिंडारांपाशी थांबत थांबत चालले. तेवढ्यात दोन बायका आल्या, परीक्षकांकडे न पाहता गाठी तपासल्या, एकेक भारा उचलला आणि गेल्या. परीक्षक खाली बसले. एक गाठ पाहिली, मग पुढची, मग तिच्या पुढची. अर्धा तास ते गाठीच पाहत होते. मग उठून भाचीला विचारलं, "कामाचं नाव?"

"परत," ती म्हणाली. हे मात्र तिने आधीच ठरवलेलं होतं, वहीवर लिहिलेलं मी पाहिलं होतं.

परीक्षक माझ्याकडे वळले. "लोकांनी असं येऊन आपापलं नेणं, हे पहिल्यापासून ठरलेलं होतं?"

भाची माझ्याकडे पाहत होती. मी काट्यावर कधी अर्धा किलो इकडचा तिकडे केलेला नाही.

"साहेब," मी म्हटलं, "ती प्रत्येक घरी जाऊन सांगून आली होती की हे सगळं परत जाणार आहे. मी स्वतः सोबत होतो."

त्यांनी ते लिहून घेतलं. दुपारी चार पुरणपोळ्या खाल्ल्या आणि पोळीला धुराचा वास चांगला लागला, असं म्हणाले. पुढे निकाल लागला. अठ्ठ्याहत्तर गुण. वर्ध्याच्या स्थळाला मेव्हण्याने नकार कळवला.

त्या सोमवारी परीक्षकांची गाडी वळल्यावर बायको म्हणाली, "खोटं बोलले तुमी."

"एक शब्द दाखव खोटा."

"तेच तं," ती म्हणाली आणि आमच्या गाठीचे उरलेले तेरा भारे आणायला मला वावरात पाठवलं.