टेसनआक्काचं दार

टेसनआक्काच्या खाणावळीला रस्त्याच्या बाजूनं दारच नव्हतं. मलकापुरातल्या सगळ्या हॉटेलांची तोंडं रत्नागिरी रस्त्याकडं. हिची मात्र पाठ. गिऱ्हाइकानं गोठ्याला वळसा घालून मागच्या शेताकडून आत यायचं. मी तिथं मास्तर म्हणून गेलो, तेव्हा पहिल्याच दिवशी चुकून म्हशीपुढं जाऊन उभा राहिलो. आतून आवाज आला, "पावणं, हिकडनं या की! म्हस जेवाय वाढत न्हाय."

दाराचं कारण शेतात होतं. कोल्हापूरपर्यंत आलेली रेल्वे आंबा घाटावरून खाली कोकणात न्यायची म्हणून कधीकाळी मोजणीवाले आले आणि तिथं एक दगड रोवून गेले. आक्कानं त्यांना फुकट जेवू घातलं आणि दगडाकडं तोंड करून घर बांधलं. टेसन झालं की आंब्याच्या थंड हवेला येणारे उतारू सरळ दारात! पुढं मोजण्या झाल्या, घोषणा तर दर निवडणुकीला. रूळ मात्र कोल्हापुरातच.

लोक हसायचे. मीही हसायचो. पण तिचं माहेर मिरजेचं, रेल्वेच्या चाळीतलं, आणि एस्टी तिला मुळीच सोसायची नाही. "लग्नादिवशी ओकलो, तवापासनं एस्टीचं नाव काढलं तरी पोटात ढवळतंय," म्हणायची. आई गेली तेव्हा नाकाला लिंबू धरून निघाली. वाटेत बांबवड्यातच एस्टीतून उतरवावी लागली. आईचं तोंड दिसलं नाही. तेव्हापासून कोल्हापूरहून येणाऱ्या प्रत्येकाला तिचा एकच प्रश्न, "रूळ कुठवर आलं?"

"कोल्हापुरातच हायत, आक्का," शेजारचे पानपट्टीवाले चाचा चिडवायचे.

"असूंद्या. चढ हाय. दमानं येत्यात."

एकदा मुलानं रस्त्याकडच्या भिंतीत दार पाडायचं काढलं. आक्का भिंतीला टेकून बसली ती उठेचना. "टेसनाकडं पाठ करून बसू व्हय?"

पुढं माझी बदली कोल्हापूरला झाली. स्टेशनात रूळ संपतात तिथून जाताना आक्काची फार आठवण यायची. वाटायचं, कुणीतरी हे जरा पुढं ढकला रे.

या उन्हाळ्यात आक्का गेली. घराला एकच दार, त्यामुळं तिरडी शेतातूनच निघाली. वाटेत विसावा द्यायचा असतो; मुलानं तो त्या दगडापाशीच द्यायला लावला. पुन्हा खांदा द्यायला माणसं वाकली, तेव्हा थकलेले चाचा काठी टेकत पुढं आले.

"दमानं जा, आक्का," ते म्हणाले. "चढ हाय."